खंडेनवमी, नारिंगी लाईट आणि 63 टक्के

मी बेळगावच्या अनगोळचा. उद्यमबागेत एका कारखान्यात सीएनसी मशीनवर (कॉम्प्युटरवर चालणारं मशीन) कामाला आहे, म्हणजे स्क्रीन, बटणं, एरर कोड हे सगळं रोजचंच. तरी पण एक गेम प्री-ऑर्डर करून, म्हणजे यायच्या आधीच पैसे भरून, वेळेत कन्सोलवर (टीव्हीला जोडून गेम खेळायचं मशीन) उतरवायला मला दहा-बारा दिवस लागले, आणि त्यातले निम्मे दिवस तर माझ्याच जुन्या उद्योगांनी खाल्ले. कुणाला उपयोग झाला तर बघा म्हणून लिहितोय.

गेम होता घोस्ट ऑफ योतेई, पीएस फाइव्हचा, म्हणजे सोनीच्या प्लेस्टेशन 5 कन्सोलचा. 2 ऑक्टोबर 2025 ला यायचा होता, म्हणजे बरोबर दसऱ्याला. 1603 सालचा जपान, आत्सू नावाची बाई सूड घ्यायला निघालेली, घोडा, तलवारी, आणि दसऱ्याची सुट्टी, आणखी काय पाहिजे माणसाला. माझ्याकडं डिजिटल एडिशन आहे, निपाणीच्या एका मित्राकडनं सेकंडहँड घेतलेलं, त्याला डिस्क घालायला जागाच नाही, त्यामुळं डिस्क का डिजिटल हा प्रश्नच नव्हता.

आधी एक सांगतो. डिजिटल गेम कधी संपत नाही. दुकानात पन्नास डिस्का आल्या नि एक्कावन्नावा गडी हात हलवत परत गेला असं इथं होत नाही. मग आधी पैसे कशाला अडकवायचे? बोनस म्हणून एखादा मुखवटा नि प्रोफाइलला लावायचे फोटो मिळतात, त्यासाठी तर मी दहा रुपये पण देणार नाही. प्री-ऑर्डरचा खरा फायदा एकच, प्रीलोड. म्हणजे गेम यायच्या आधीच सगळी फाइल कन्सोलवर उतरवून घ्यायची, ती कुलूपबंद असते, रिलीजच्या वेळेला कुलूप उघडतं नि लगेच खेळता येतं. नेट फास्ट असणाऱ्याला ह्याचं काही वाटणार नाही. आमच्यासारख्यांनी हिशोब करून बघावा. समजा गेम 100 जीबीचा आहे आणि नेट 40 एमबीपीएसचं. आता ते 40 म्हणजे सेकंदाला 40 एमबी नव्हे, ते मेगाबिट असतात, आठानं भागायचं, 5 एमबी येतात. म्हणजे साडेपाच तास, ते पण सगळं सुरळीत चाललं तर. मोबाईलच्या दिवसाला 2 जीबीवाल्या पॅकवर उतरवतो म्हणालात तर 50 दिवस.

तर सप्टेंबरच्या तिसऱ्या आठवड्यात मी ऑर्डर करायला बसलो. आई म्हणाली, "पितृपक्ष चाललाय, आत्ता नवीन काय घेऊ नको." मी म्हटलं अगं घरात काही येतच नाही, नुसते पैसे जाणार. "मग तर अजिबात नको." झालं, घट बसेपर्यंत थांबलो. खरं थांबलो ते बरंच झालं, कारण त्या दिवसात कळलं की माझं अकाउंटच अमेरिकेचं आहे.

झालेलं असं की बऱ्याच वर्षांपूर्वी पीएस फोर असताना कुणीतरी सांगितलं अमेरिका टाक, तिकडं डिस्काउंट जास्त असतात. टाकलं. आता स्टोअर, म्हणजे प्लेस्टेशनचं ऑनलाइन दुकान, उघडलं की किंमत 69.99 डॉलर. मला वाटलं सेटिंगमध्ये जाऊन देश बदलू, तर प्लेस्टेशनच्या अकाउंटचा देश एकदा टाकला की बदलता येत नाही, म्हणजे नाहीच. भारताचं व्हाउचर (पैसे भरून घ्यायचा कोड) पण त्यावर चालत नाही. मग काय, दुसऱ्या ईमेलवर नवीन अकाउंट काढलं, देश भारत.

इथं बरेच जण घाबरतात की जुन्या अकाउंटवरच्या खेळून मिळवलेल्या ट्रॉफ्या, सेव्ह (गेम कुठवर आला त्याची नोंद) सगळं गेलं. काही जात नाही. नवीन अकाउंटनं लॉगिन करून सेटिंग्ज, युजर्स अँड अकाउंट्स, अदर, तिथं कन्सोल शेअरिंग अँड ऑफलाइन प्ले चालू करायचं. मग त्या अकाउंटवर घेतलेला गेम त्या कन्सोलवरचा कुठलाही युजर खेळू शकतो. मी घेतला भारताच्या अकाउंटवर, खेळतो जुन्यावरनं. एवढी साधी गोष्ट, मला समजायला दोन रात्री गेल्या.

22 तारखेला घट बसले, रात्री परत बसलो. डेबिट कार्ड टाकलं, फेल. परत टाकलं, फेल. तिसऱ्यांदा टाकायच्या आधी डोकं चाललं आणि बँकेचं ॲप उघडून बघितलं, तर इंटरनॅशनल व्यवहार बंद. रिझर्व्ह बँकेनं 2020 पासनं नियमच केलाय, नवीन कार्डावर हे आपण स्वतः चालू केल्याशिवाय चालू होत नाही. चालू केलं, लिमिट वाढवलं, तरी पण माझं कार्ड काही स्टोअरला पसंत पडलं नाही. शेवटी वॉलेटचं, म्हणजे अकाउंटमध्ये आधी पैसे भरून ठेवायचं, व्हाउचर घेतलं, फोनवर यूपीआयनं पैसे दिले, पाच मिनिटात बारा अक्षरांचा कोड आला. कंट्रोलरनं एक-एक अक्षर टाइप करत बसलो आणि बी आहे का आठ आहे ह्यात दोनदा चुकलो. तुम्ही असलं काही करू नका, फोनवर प्लेस्टेशनचं ॲप आहे, त्यात कोड कॉपी-पेस्ट होतो. फक्त कुठल्या अकाउंटनं लॉगिन आहे ते दहा वेळा बघा, एका अकाउंटच्या वॉलेटमधले पैसे दुसऱ्याला देता येत नाहीत.

ऑर्डर करणं हे काम अर्ध्या मिनिटाचं. गेमच्या पानावर जायचं, साधी का डिलक्स ते निवडायचं, मी साधी घेतली, प्री-ऑर्डर दाबायचं, वॉलेटमधनं पैसे लगेच कटतात. माझ्या ओळखीच्या एकाकडं एक्सबॉक्स आहे, तिथं कार्डावरनं घेतलं तर पैसे रिलीजच्या जवळ आल्यावर कटतात म्हणे, आपल्याकडं तसं नाही.

खरं एक गोष्ट नीट वाचून घ्या, रिफंडची. रिलीजला 14 दिवसांपेक्षा जास्त वेळ असताना ऑर्डर केली तर रिलीजपर्यंत कधीही कॅन्सल करता येते. त्याच्या आत केली, जशी मी केली, तर पैसे भरल्यापासनं 14 दिवस, पण डाउनलोड सुरू केलेलं नसलं तरच. मन डळमळीत असेल तर ऑटो-डाउनलोड आधी बंद करून ठेवा, नाहीतर तुम्ही झोपेत असताना कन्सोल आपला डाउनलोड सुरू करतो आणि रिफंडचा विषय संपतो.

पुढचं काम जागेचं. माझ्या पीएस फाइव्हला आत 825 जीबीची एसएसडी, म्हणजे गेम साठवायची जागा, त्यातले आपल्या हातात येतात साधारण 667. तेवढ्यात भाच्याचा फुटबॉलचा गेम, माझे तीन-चार, भरलेलंच होतं. गेम डिलीट केला तर सेव्ह जात नाही, ते वेगळं असतं. पण परत डाउनलोड कोण करणार, म्हणून यूएसबी हार्ड डिस्क लावली. पीएस फाइव्हचे गेम तिच्यावरनं खेळता येत नाहीत, ठेवता येतात, लागतील तेव्हा परत आत घ्यायचे. लावल्या-लावल्या कन्सोल म्हणतो फॉरमॅट करू का. मी ओके दाबणारच होतो आणि आठवलं की ह्यात ताईच्या लग्नाचे फोटो आहेत. फॉरमॅट केलं की सगळं पुसतं. त्या रात्री फोटो लॅपटॉपवर घेत बसलो.

प्रीलोड साधारण दोन दिवस आधी सुरू होतो, काही गेमचा आठवडाभर आधी पण होतो. मला सेकंड शिफ्ट होती, त्यामुळं 30 तारखेला रात्री घरी येऊन, जेवून, बाराच्या सुमाराला लावला. आता कन्सोल रात्रभर फुल चालू ठेवायची गरज नाही, रेस्ट मोडला, म्हणजे अर्धवट झोपेत, टाकायचा. पण त्याच्या आधी सेटिंग्ज, सिस्टिम, पॉवर सेव्हिंग, तिथं फीचर्स अव्हेलेबल इन रेस्ट मोड मध्ये जाऊन स्टे कनेक्टेड टू द इंटरनेट चालू पाहिजे, नाहीतर सकाळी उठून बघाल तर काटा तिथंच. रेस्ट मोडला गेला की पुढची लाईट नारिंगी होते. ती नारिंगी लाईट म्हणजे मशीन बंद नाही, रेस्ट मोडला आहे, आणि ते सेटिंग केलेलं असलं तर आत काम चालू आहे. हे मला माहीत होतं, घरात बाकी कुणाला नव्हतं.

पहाटे पाचला दुर्गामाता दौडीला (नवरात्रात रोज पहाटे निघते ती) जायला उठलो, फेटा बांधता बांधता टीव्ही लावून बघितलं तर तिशीच्या पुढं नुकताच सरकलेला. आमचा राउटर खाली सोप्यात, कन्सोल वर माडीवर, मधी जुन्या घराची दोन हात जाड भिंत. खाली 40 येणारं नेट वर पंधरावर येतंय हे मला त्या दिवशी कळलं. पंधरानं 100 जीबी म्हणजे पंधरा तास. असू दे म्हटलं, अजून दिवस आहे की. दौड करून आलो, आंघोळ केली, परत बघितलं नि कारखान्यात खंडेनवमीच्या पूजेला गेलो.

पूजा झाली, मशीनींना हार घातले, कोहळा फोडला, हातात प्रसाद घेऊन फोनवर ॲप उघडलं. कन्सोल दिसेना. परत उघडलं, नाहीच. घरी फोन लावला.

"आई, लाईट गेलीय काय?"

"नाही की."

"मग ते माडीवरचं पांढरं मशीन, त्याची नारिंगी लाईट चालू आहे काय बघ जरा."

"ते होय, ते मी बंद केलं. सकाळपास्नं उगंच जळत होतं. पुसून पूजा करायची नको काय? ओल्या फडक्यानं करंट बसला म्हणजे?"

"बटण दाबलंस का पिन काढलीस?"

"पिनच काढली. बटण कुठं असतंय त्याला?"

ह्यावर मी काय बोलणार. आईच्या दृष्टीनं बरोबरच होतं, खंडेनवमीला घरातलं प्रत्येक यंत्र पुसून, हळद-कुंकू लावून पूजा होते, शिलाई मशीन, मिक्सर, माझी गाडी, त्यात ह्याचा पण नंबर लागला.

दुपारी घरी आलो. कन्सोलवर झेंडूचं भलं मोठं फूल, कुंकवाची दोन बोटं, आणि हवा बाहेर पडायच्या जाळीत पाकळ्या. आधी त्या चिमट्यानं एक-एक काढल्या, त्या आत गेल्या असत्या तर वेगळंच लचांड झालं असतं. पिन लावली, चालू केला, तर नीट बंद केला नव्हता म्हणून त्यानं तक्रार केली, स्टोरेज तपासत बसला दोन मिनिटं, तेवढ्यात माझा जीव वरखाली. मग डाउनलोडच्या यादीत बघितलं, 63 टक्क्यांवर थांबलेला. पहिल्यापासनं करायला लागला नाही, तिथनंच पुढं चालू झाला. रेस्ट मोडमधनं पिन काढणं चांगलं नव्हेच, पण डाउनलोड तरी वाया जात नाही एवढं कळलं.

आता परत पंधरा तास वाट बघायची ताकद नव्हती. कोपऱ्यावरच्या इलेक्ट्रॉनिक्सच्या दुकानातनं दहा मीटरची लॅन केबल, म्हणजे राउटरपासनं थेट कन्सोलला जोडायची नेटची वायर, आणली, सोप्यातनं जिन्याच्या कठड्यावरनं वर घेतली, जिथं-तिथं चिकटपट्टी. केबल लावली नि स्पीड सरळ 40 ला. उरलेला गेम दोन-अडीच तासात उतरला. हीच केबल महिनाभर आधी आणली असती तर हे एवढं लिहायची वेळ आली नसती. प्रीलोड, प्री-ऑर्डर सगळं करा, खरं आधी केबल आणा.

संध्याकाळी गेमच्या चौकोनावर उलटं मोजणं दिसत होतं, इतके तास राहिले म्हणून. भाचा दर अर्ध्या तासानं वर जाऊन ते बघून येत होता आणि खाली येऊन सगळ्यांना सांगत होता, कुणी विचारलेलं नसताना. मी काही रात्री जागलो नाही, दसऱ्याला दौडीचा शेवटचा दिवस, पहाटे उठायचंच होतं. सकाळी परत येऊन बघतो तर कुलूप उघडलेलं. एक छोटा अपडेट मागितला, तो चहा होईपर्यंत झाला, प्रीलोड केलं तरी हा अपडेट बहुतेक वेळा असतोच. मग दुपारच्या जेवणापर्यंत मी, भाचा आणि जपानचा बर्फ.

खानापूरच्या माझ्या मित्रानं डिस्क मागवली होती. दसऱ्याच्या सुट्टीत कुरिअर अडकलं, त्याला शनिवारी मिळाली, आणि तोवर तो मला फोन करून शेवट सांगू नको म्हणत होता. खरं त्यानं महिन्याभरात गेम संपवला आणि डिस्क विकून टाकली, बऱ्यापैकी पैसे सुटले. माझा गेम अजून तसाच आहे, विकता येत नाही ना.