दबलेलं खोंड शर्यतीनं धीट होतं का?

म्हसवडच्या नाहीतर खरसुंडीच्या बाजारातून खिलार खोंड आणलं, की थोड्या दिवसांत हाच प्रश्न येतो: दावणीला बाकीचे ढुशा देतात, हे कोपऱ्यात अंग चोरून उभं राहतं, शर्यतीला घातलं तर धीट होईल का? इतक्यांदा विचारलंत म्हणून सांगतो. होतं, पण ते श्रेय जोडीदार बैलाचं.

आधी गव्हाण वेगळी करा. दबलेलं जनावर इतरांचं होईपर्यंत वैरणीला तोंड लावत नाही. उपाशी अंगात जोर कुठून येणार? जवळ जाताना खांद्याच्या बाजूनं जा, थेट मागचं त्याला दिसत नाही. वेसणीची जखम पुरती वाळल्याशिवाय कासरा ओढू नका.

घोळ होतो पहिल्या जुंपणीला. हौसेनं त्याला घरच्या सगळ्यात चपळ बैलाशेजारी जुंपतात, 'बघून शिकेल' म्हणून. तो पहिल्याच उडीला पुढं निघतो, जू तिरकं होतं, शिवळ, म्हणजे जुवातली मानेलगतची खुंटी, खोंडाच्या मानेला घासते. खोंड मागं रेटतं, आडवं फिरतं, शेवटी बसकण मारतं. मग शेपूट पिरगाळणं, चाबूक, चारी बाजूंनी आरडाओरडा. मारायला बंदी आहे म्हणता? ती मैदानावर पाळतात, घरच्या रानात कोण बघतंय! त्यानंतर नुसतं जू दिसलं तरी ते पातळ हगतं. असं बिघडलेलं खोंड सुधारायला कोऱ्या खोंडापेक्षा जास्त वेळ जातो. खांदा सुजला असेल तर सूज उतरेपर्यंत जू लावूच नका.

थंड डोक्याचा, त्याच उंचीचा बैल शोधा. दोघांना नुसतं जू लावून चालवा, मग हलका ओंडका ओढू द्या. रिकाम्या छकड्याचा खडखडाट अंगवळणी पडेपर्यंत पायचालच. मग मऊ रानात शंभरेक मीटर. नियमानं शर्यत १००० मीटरच्या आत. आदत, म्हणजे दुधाचे दात न पडलेल्या, खोंडाकडून तेवढं रोज काढून घेण्यात काय हशील? कोणत्या खांद्याला सरळ चालतं ते ओळखा, बाजू बदलू नका.

भित्रं खोंड विकून मोकळं व्हा, असं मीच पूर्वी सांगायचो. आता सांगवत नाही, पण सल्ला खोटा होता असंही म्हणणार नाही. काही खोंडं नुसत्या भीतीनं पळतात आणि लांबून ती धीटच वाटतात. फेरा झाल्यावर कान सैल पडतात का, थोड्या वेळानं रवंथ धरतं का, तेवढं बघा. आणि मैदानात पुढं असलेला बैल घरी गव्हाणीवर मार खातच राहतो. तिथला मान वय, वजन आणि शिंगांवर ठरतो. म्हणून सगळ्यांबरोबर बांधायची घाई नको, पुसेगावच्या यात्रेतल्या शर्यतींच्या तोंडावर तर नकोच.