मसूर सूप, तुर्की-फिनिश: धुराचा प्रश्न सुटला

मंडळी, सूपचं काम पुढे सरकलंय. बैठक अजून तुर्कीच आहे: मर्जिमेक चोर्बासी, लाल मसुराचं घोटलेलं सूप, तिकडच्या साध्या खानावळींत सकाळच्या न्याहारीलाही मिळतं ते. त्यावर फिनलंडच्या हेर्नेकेइत्तोची चव चढवायची, हा आपला उद्योग. ते वाटाण्याचं सूप फिनिश लोक गुरुवारी करतात, सैन्याच्या मेसमध्येसुद्धा, आणि मागून पॅनकेक. कॅथलिक काळात शुक्रवारी उपास असायचा, म्हणून आदल्या दिवशी पोटभर, असं त्याचं कारण सांगतात. पण सुके वाटाणे रात्रभर भिजवा, मग तासन्‌तास शिजवा! कामावरून आल्यावर हे कोण करणार? सालं काढलेला मसूर वीस मिनिटांत विरघळतो, म्हणून डाळ तुर्कीच.

प्रमाण आता असं ठरलंय: मसूर 200 ग्रॅम, पाणी सव्वा लिटर, एक कांदा, एक गाजर आणि 150 ग्रॅम लांट्टू. लांट्टू म्हणजे पिवळ्या गराचा, सलगमसारखा गोडसर कंद. त्याच्या फोडी मसुरापेक्षा उशिरा शिजतात, म्हणून सरळ किसून घालते. कांदा तेलावर मऊ झाला की चमचाभर साल्चा (तुर्की टोमॅटोची घट्ट पेस्ट) परतायची, कच्चा वास जाईपर्यंत. मग बाकी सगळं एकदम.

जिरं मात्र काढून टाकलंय. तुर्की पाककृतींत ते असतं, मान्य, पण आपल्या हातून मसुरात जिरं पडलं की डोळे मिटून खाणारा आमटीच म्हणणार. त्याऐवजी चुरडलेला मार्जोरम (मरवा) एक चमचा आणि ऑलस्पाइसचे (मिरीसारखा दिसणारा मसाला) चार अख्खे दाणे. दोन्ही फिनिश स्वयंपाकात रोजची. घोटण्याआधी दाणे मोजून बाहेर काढा.

आता मुख्य गोष्ट. हेर्नेकेइत्तोत धुरी दिलेलं डुकराचं मांस पडतं आणि त्या सूपची निम्मी ओळख त्या धुरकट वासात आहे. इथे ते घालायचं नाही, तुर्की बाजूला बसतच नाही. स्मोक्ड पाप्रिका घातली तर सूप स्पेनकडे पळतं. तोडगा तुर्कस्तानातच सापडला: उर्फा शहराची इसोत मिरची. ही दिवसा उन्हात वाळवतात आणि रात्री झाकून ठेवतात, म्हणजे तिची ती घामेजते. रंग काळपट जांभळा, हाताला किंचित तेलकट, तिखट बेताचं, आणि धूर न देताच चवीला धुरकट, मागून मनुकांसारखी गोडी. पुष्कळदा तिच्यात मीठ आधीच असतं, फिनिश लोणीही बहुधा खारट, तेव्हा सूपमध्ये मीठ अगदी शेवटी.

ती घालायची वरून, आपण डाळीवर फोडणी ओततो तशी. 30 ग्रॅम लोणी मंद आचेवर. आधी तडतडतं, मग फेस येतो, फेस बसला की तळाशी बदामी कण दिसतात आणि भाजल्या दाण्यांसारखा वास सुटतो. तिथेच पातेली उतरवायची. आता इसोत एक चमचा, दहा सेकंदांनी सुका पुदिना अर्धा चमचा. आचेवर असताना पुदिना टाकलात तर क्षणात काळा आणि कडू. रंग पुल बिबेरसारखा (नेहमीची तुर्की लाल मिरचीची भरड) लालभडक येत नाही, तपकिरी येतो. फोटोत मार खातो, तोंडात नाही.

आंबटपणासाठी लिंबू की मोहरी, यावर मी मोहरीच्या बाजूने. फिनलंडमध्ये वाटाण्याच्या सूपात ती ताटलीतच कालवतात. तयार मोहरीची पेस्ट वाटीमागे पाव चमचा, आणि सूप खाली उतरवल्यावरच, नाहीतर तिचा झणका उडतो. दोन्ही एकत्र नको, लिंबू मोहरीला गप्प करतं.

शेपूचं अजून चाललंय. तुर्की लोक तो ओल्या बाकल्याच्या शेंगांत घालतात, फिनिश लोक सामन माशाच्या सूपात, म्हणजे हक्क दोघांचाही. पण सुक्या पुदिन्याशेजारी तो उपरा वाटतो. पुढच्या खेपेला पुदिना पूर्ण वगळून बघते, आणि वरून लोण्यात परतलेले राय धान्याच्या पावाचे तुकडे. इसोत कुणाला कुठे चांगली मिळते ते कळवा, माझी पिशवी तळाला गेलीये.