दोन पायांचा मुळा

दुपारच्या अर्धवट रिकाम्या लोकलमध्ये कुणाच्या तरी पिशवीतून मुळ्याची जुडी डोकावते. दादरला चढलेला मुळा कुर्ला येईस्तोवर अख्ख्या डब्याला कळलेला असतो. (पोळीभाजीच्या डब्यातला तर त्याहून लवकर.) अशा जुडीत हमखास एक दोन पायांचा असतो. वर एकच शेंडी, खाली दोन तंगड्या, एकीवर एक टाकून बसल्यासारख्या.

असा मुळा घरात आला की तो आधी पोरांच्या ताब्यात जायचा. दोन लवंगा टोचल्या की डोळे, पाला म्हणजे वाढलेले केस. बाकीच्या जुडीची कोशिंबीर होईपर्यंत ओट्यावर भिंतीला टेकून उभ्या असलेल्या त्या बाहुल्याला नावही मिळालेलं असायचं. मग किसणी यायची. मग रडारड.

त्या दोन पायांमागे बहुतेकदा एक खडा असतो, सुपारीएवढासुद्धा नाही. मुळ्याचं सोटमूळ सरळ खाली घुसतं. टोकाला काही टणक लागून ते दुखावलं की बाजूची मुळं फुगू लागतात. ताज्या शेणानेही तेच होतं. म्हणून गॅलरीत मुळा लावायचा तर पहिलं काम चाळणीचं. नर्सरीतून येणारी लाल माती ढेकळांसकट येते, ती फोडून चाळून घ्यायची. दोन घमेली माती, एक घमेलं भिजवून फुलवलेलं कोकोपीट (नारळाच्या काथ्याचा भुसा), एक घमेलं जुनं शेणखत किंवा गांडूळखत. खत जुनं आहे की नाही हे नाकाने ठरवावं. शेणाचा वास आला तर अजून वेळ आहे. आणि रोप आणून लावण्याच्या भानगडीत पडू नये. वांगी, मिरची हलवून लावलेली चालतात. मुळ्याचं मूळ हललं की तंगड्या फुटल्याच.

भांडं म्हणून रंगाची २० लिटरची रिकामी बादली झकास. तळाला पाच-सहा भोकं पाडायची, खाली थाळी ठेवायची. थाळी विसरली की खालच्या मजल्यावरच्या काकूंचे वाळत घातलेले कपडे लाल होतात आणि विषय सोसायटीच्या मीटिंगपर्यंत जातो. ओल्या मातीसकट अशी बादली सहज २५ किलोच्या आसपास भरते. चार बादल्या म्हणजे ग्रिलवर क्विंटलभर वजन. त्या ग्रिलमध्ये नकोत, आत जमिनीवर भिंतीलगत ठेवाव्यात.

ऊन मात्र तिथे पोचलं पाहिजे, पाच-सहा तास तरी. इथे गॅलरीची दिशा नडते. डिसेंबरच्या अखेरीस मुंबईत भर दुपारीही सूर्य डोक्यावर येत नाही, दक्षिणेकडे जेमतेम अर्ध्या आभाळावर असतो. त्यामुळे दक्षिणेची गॅलरी हिवाळ्यात उन्हाने भरते आणि उत्तरेची कोरडी राहते. उत्तरवाल्यांनी पुदिना लावावा आणि मुळा बाजारातून आणावा.

बियाण्याच्या पाकिटावर बर्फाळ पांढरा, हातभर लांब जपानी मुळा छापलेला असतो. जपानीत त्याला दायकोन म्हणतात, म्हणजे मोठं मूळ. आपणही मुळाच म्हणतो, फक्त मोठेपणा देत नाही. पण त्याला थंडी हवी आणि खोलीही हवी, बादलीत त्याचे हाल होतात. मुंबईच्या उकाड्याला पुसा चेतकी ही जात बरी. ती उष्णता सोसते आणि ४० ते ४५ दिवसांत तयार होते. (पुसा हे बिहारमधलं गाव. १९३४च्या भूकंपात तिथली शेती संशोधन संस्था पडली, १९३६मध्ये दिल्लीला हलली, आणि गावाचं नाव सोबत घेऊन गेली.) कोजागिरीनंतर पेरायला घ्यावं, आणि सगळ्या बादल्या एकदम न पेरता पंधरा-पंधरा दिवसांच्या अंतराने. एकाच आठवड्यात सोळा मुळे खाणारं कुटुंब अजून जन्माला यायचंय.

बी बोटाच्या अर्ध्या पेराएवढं खोल, एका जागी दोन-तीन. तीन-पाच दिवसांत उगवतं. खरी परीक्षा त्यानंतरची, विरळणीची. तिसरं पान आलं की बादलीत चारच रोपं ठेवायची, वीतभर नाही तरी चार बोटं अंतरावर, आणि बाकीची कात्रीने कापायची. उपटली तर शेजारची हलतात. इथे माणसं कच खातात. इतकी टवटवीत रोपं, जीव होत नाही. दीड महिन्याने मग पाला भरघोस आणि खाली शेपटी निघते. कापलेली रोपं बारीक चिरून कोशिंबिरीत टाकली की निम्मं दुःख कमी होतं.

पुढचा महिनाभर मुळा खाली काय करतोय ते दिसत नाही, आणि उकरून पाहायचं नसतं. वरून दिसतो तो मावा, म्हणजे रस शोषणारे बारीक किडे, पानांच्या पाठी. लिटरभर पाण्यात चमचाभर कडुनिंबाचं तेल आणि भांडी घासायच्या लिक्विडचे दोन थेंब, संध्याकाळी फवारायचं. मातीतून पांढरा खांदा वर आला की दिवस मोजायला लागावं. आदल्या संध्याकाळी पाणी द्यायचं, सकाळी शेंडीच्या अगदी बुडाशी धरून जरा पिळत ओढायचं.

आणि मग हातात पंचनामा येतो. उभी चीर म्हणजे आठ दिवस गावाला जाऊन आल्यावर भरभरून ओतलेलं पाणी. नाकात जाणारा तिखटपणा म्हणजे ऊन फार आणि पाणी कमी. चिरल्यावर आत भुसभुशीत, जाळी पडल्यासारखा, तर काढायला उशीर. ‘अजून जरा मोठा होऊ दे’ हे त्याचं कारण. नुसताच पाला, तर खत जास्त किंवा ऊन कमी. दोन तंगड्या, तर चाळणी नीट फिरली नव्हती.

पाला लगेच कापावा, नाहीतर तो मुळ्यातलं पाणी ओढत बसतो आणि मुळा रबरासारखा लवचिक होतो. पाल्याची त्याच दिवशी मुगाची डाळ घालून भाजी. मुळा ओल्या फडक्यात गुंडाळून फ्रिजमध्ये.

एखादी बादली हमखास राहून जाते. तिच्यातल्या मुळ्याला दांडा फुटतो, फिकट जांभळट फुलं येतात, चौथ्या मजल्यावर कुठून तरी माश्या येतात, आणि मग डिंगऱ्या, म्हणजे मुळ्याच्या शेंगा, लागतात. कोवळ्या असतानाच तोडाव्यात. एका बादलीच्या मूठभर होतात, तेव्हा भाजीत बटाटा घालावा लागतो. दोन घातले तरी चालतील.