ढगातलं जातं

माझ्या अकरा वर्षांच्या भाचीनं मे महिन्याच्या सुट्टीत एक धर्म काढला. दोनशे पानी वहीत. तिच्या त्या जगात ढग गातात आणि माणसं त्यांना देव मानतात. देवळाला छप्पर नाही, कारण छप्पर घातलं तर देव ऐकू कसा येणार? पूजेची वेळ ठरलेली नाही, ढग येईल तेव्हा पूजा. बाळ जन्मलं की त्या घटकेला डोक्यावर असलेल्या ढगाचा सूर तोच त्याचा सूर. आणि ढग गात असताना शिट्टी वाजवायची नाही, खोटं बोलायचं नाही. हा शेवटचा नियम धाकट्या भावावर नजर ठेवून केला असावा.

"आपले ढग का नाही गात गं मावशी?" तिनं विचारलं. बाहेर वळवाचं आभाळ भरून आलं होतं.

मला आजी आठवली. गडगडायला लागलं की ती म्हणायची, "ऐक, म्हातारी हरभरे भरडतेय." एवढंच. ही म्हातारी कोण, वर कधी गेली, तिला एवढे हरभरे लागतात कशाला, हे आम्ही कधी विचारलं नाही. पण आता वाटतं, 'जात्यावर बसलं की ओवी सुचते' अशी म्हण ज्या भाषेत आहे, तिथली म्हातारी मुक्यानं भरडेल का? गात असणारच. जात्याच्या घरघरीत आपल्याला शब्द कळत नाहीत, इतकंच.

भाचीला हे पटलं. मात्र तिनं लगेच उलटतपासणी सुरू केली. "गहू का नाही? हरभरेच का?"

इथे मी अडकले. मग विचार करता करता लक्षात आलं की म्हातारीचं वेळापत्रक अगदी चोख आहे. हरभरा रब्बीचा. फाल्गुनापर्यंत खळ्यावरून घरात येतो. चैत्र-वैशाखात वाळवणं, वर्षाची बेगमी, डाळी भरडून ठेवायच्या. आणि नेमका तेव्हाच वळीव गडगडतो. आषाढात कोकणात दिवसच्या दिवस झड लागलेली असते, पण गडगडाट क्वचित. डाळ डब्यात गेलेली असते ना! मग परतीच्या पावसात, आश्विनाच्या सुमाराला, ती पुन्हा खुंटा धरते. दिवाळी आलेली असते. बेसनाच्या लाडवांना डाळ नको?

हवामानशास्त्राचं म्हणणं अर्थात वेगळं आहे. उन्हाळ्यात जमीन तापते, हवा जोरानं वर चढते आणि ढग डोंगरासारखा दहा-बारा किलोमीटर उंच वाढतो. त्याच्या पोटात बर्फाचे बारीक कण आणि मऊसर गारा एकमेकांवर आपटत, घासत राहतात. त्या घासण्यातून विद्युतभार वेगळे होतात आणि वीज तयार होते. भर पावसाळ्यातल्या ढगांत हवेला वर चढायचा तेवढा जोर नसतो, म्हणून ते मुकाट बरसतात. मी हे वाचलं तेव्हा हसूच आलं. म्हणजे ढगात खरंच काहीतरी भरडलं जातं! आणि तेही हरभऱ्याएवढं.

घरघरीचंही उत्तर आहे. वीज जाते त्या वाटेवरची हवा क्षणात सुमारे ३०,००० अंश सेल्सिअसपर्यंत तापते आणि फाटल्यासारखी फुगते. ती वाट किलोमीटरभर, कधी त्याहून कितीतरी लांब. जवळच्या टोकाचा आवाज आधी पोचतो, लांबच्या टोकाचा रेंगाळत येतो. म्हणून जवळ पडली तर कडाड्, दूर पडली तर जातं.

जात्यावरच्या ओव्या मी स्वतः जात्यावर कधी ऐकल्या नाहीत. आमच्या घरी जातं होतं ते जिन्याखाली, वर कुंडी ठेवलेली. हेमा राईरकर आणि गी पॉइटवाँ या दोघांनी महाराष्ट्रातल्या गावोगावच्या बायकांकडून १ लाखाहून जास्त ओव्या गोळा करून ठेवल्या, त्यातल्या काहींची ध्वनिमुद्रणं मी ऐकली आहेत. माहेर, भाऊ, लेक, विठोबा, सासू, दुष्काळ. एक बाई ओळ सुरू करते, दुसरी तिच्यात आवाज मिसळते आणि मागे दगडावर दगड फिरत असतो. भाचीला त्यातलं एक लावून दिलं. ती बराच वेळ काही बोलली नाही. मग म्हणाली, "या दोघी आहेत."

"हो, जातं जड असतं. समोरासमोर बसून दोघींनी खुंटा धरायचा."

"मग वरही दोघी असतील. तू एकच काय सांगतेस?"

आजीच्या धर्मात ही दुरुस्ती करायचा मला अधिकार नव्हता. पण तेवढ्यात पश्चिमेला लख्ख झालं. मी तिला मोजायला सांगितलं, तीन सेकंदांना एक किलोमीटर. नवावर घरघर आली. ती विरते न विरते तोच डोंगराच्या बाजूनं दुसरी. भाचीनं माझ्याकडे असं काही पाहिलं की मी वाद घातला नाही.

लाइट गेले. तिनं मोबाइलच्या उजेडात वही उघडली आणि बिनछपराच्या देवळात, मधोमध, एक जातं काढलं. दोन्ही बाजूंना एकेक पाट.