तुम्ही विचारलंत म्हणून: यूट्यूबवर आहे की, मग रिळं कशाला?

लग्नात, सोसायटीच्या मीटिंगला, परवा तर दाताच्या डॉक्टरांनीसुद्धा मी तोंड उघडून बसलेलो असताना विचारलं, की पिक्चर यूट्यूबवर फुकट आहे मग जुन्या १६ एमएमच्या प्रिंटा शोधून स्कॅन कशाला करत बसता.

अहो तिथला तमाशापट बघितलाय का नीट? चित्र टीव्हीएवढं रुंद करायला वरून-खालून कापलंय, लावणी चालू, घुंगरं वाजतायत आणि बाईंचे पायच नाहीत! खरखर घालवताना गाणारीचा श्वासपण पुसलाय. सरकार बघेल म्हणता, तर २००३ ला पुण्यात सरकारी संग्रहातली नायट्रेटची (म्हणजे जुनी, भडकन पेटणारी फिल्म) किती रिळं एका आगीत गेली ते आठवा. आणि चोरी म्हणाल तर आपल्याकडे सिनेमाचा कॉपीराइट ६० वर्षं, हा पिक्चर त्याच्याही आधीचा. (बाकीच्या डब्यांचं विचारू नका.)

त्याच पिक्चरची ही प्रिंट गावोगाव तंबूत सिनेमा दाखवणाऱ्या एका जुन्या काकांनी दिली. डबा उघडला तर व्हिनेगरचा भपकारा, म्हणजे फिल्म सडायला लागलेली. काका म्हणाले, "मशीनवर चढवू नको हां बाळा, आकसलीय ती." आधी स्कॅन मग पडदा, हे मीच चार लोकांना सांगत फिरायचो, पण शनिवारी मित्र आले होते आणि मला शायनिंग मारायची होती, खरं तेच सांगतो. लावणी सुरू झाली, पाय दिसले, सगळे गप्प. मग चर्र चर्र यायला लागलं आणि मी काय म्हणावं? "ऐका, ही ओरिजिनल खरखर!" दीडेक मिनिट कौतुक केलं. ती प्रिंट फाटत होती. फिल्मच्या कडेची आकसलेली भोकं प्रोजेक्टरच्या दात्यांवर बसेनात, चिरा थेट चित्रात गेल्या, पन्नासएक फूट. लाइट लावला तर जमिनीवर तुकडे, उचलायला गेलं की मोडायचे.

आवाजाची पट्टी फिल्मच्या दुसऱ्या कडेला असते, ती वाचली.

तेव्हाचा मी म्हणायचो प्रिंट पडद्यावर जगते, डब्यात ती मेलेलीच. मूर्ख होतो. पण ते पाय पडद्यावर पाहिले ते त्या रात्रीच, त्यामुळे त्याला पूर्ण चूकही म्हणवत नाही.

आता माझ्या कॉपीत तेवढं दीड मिनिट चित्र यूट्यूबवरचं आहे, आवाज प्रिंटचा. श्वास ऐकू येतो, घुंगरं तर एकदम खणखणीत. पाय नाहीत.