15 एप्रिलचा व्हिडिओ

भीमजयंतीच्या दुसऱ्या दिवशी, 15 एप्रिलला, आमच्या शेताकडच्या गाडीवाटेच्या तोंडाला पाण्याच्या सरकारी पाइपलाइनसाठी जेसीबी लागला. ज्या लातूरला 2016 मध्ये मिरजेहून रेल्वेने पाणी आणावं लागलं, त्या जिल्ह्यात पाइपलाइनला नाही कोण म्हणणार? पण आठवडाभरात वाटेच्या मधोमध व्हॉल्व्हचं कमरेएवढं चेंबर उभं राहिलं. बैलगाडीसुद्धा जाईना. कंत्राटदाराचा सुपरवायझर म्हणायचा, "मालक, करून देतो की वाट." पेरणी झाली, पोळा झाला, तो करूनच देत होता.

सोयाबीन पिवळं पडायला लागलं तेव्हा जाग आली. तहसीलबाहेरच्या अर्ज लिहिणाऱ्याने जमीन महसूल संहितेच्या कलम 143 चा अर्ज तयारच करून दिला. वकिलांनी तो बाजूला सारला. 143 म्हणजे बांधावरून नवी वाट मागणं. तुमची वाट आहेच, ती अडवलीय. दिवाणी दावा लावावा तर सरकारी यंत्रणेला आधी दोन महिन्यांची नोटीस. तातडीची सूट मागता येते, पण मिळेलच असं नाही. मग उरला मामलेदार न्यायालय अधिनियम, 1906, कलम 5. दावा तहसीलदारांपुढेच, मात्र वाट अडवल्यापासून सहा महिन्यांच्या आत. मी बोटं मोजली. बाराच दिवस उरले होते.

खरं भांडण तारखेवरच झालं. कंत्राटदाराने सांगितलं, काम फेब्रुवारीतच झालं, दावा मुदतबाह्य आहे. माझ्याकडे कागद एकही नव्हता. त्या सुपरवायझरच्या शब्दावर बसलेलो! शेवटी पुतण्याने जेसीबीचा व्हिडिओ शोधून काढला. पोरगं तेव्हा हौसेने घरच्या ग्रुपवर टाकून मोकळं झालं होतं. त्यात जेसीबीला जागा देण्यासाठी आमचाच ट्रॅक्टर त्याच वाटेने मागे येताना दिसत होता, आणि वर तारीख.

पंचनाम्याला मंडळ अधिकारी आले. गवत बाजूला केलं तर जुनी चाकोरी सरळ चेंबरला येऊन भिडलेली, पलीकडून पुन्हा सुरू. शेजारच्या तात्यांनी वहिवाटीचा जबाब दिला. बांधावरून आमचं दोन वर्षं बोलणं नव्हतं, तरी दिला.

समोरच्या वकिलांनी वर्क ऑर्डर पुढे केली. हा कायदा विनाअधिकार केलेला अडथळा काढतो, आम्हाला तर अधिकार आहे, असं म्हणणं. तहसीलदारांनी निकालात लिहिलं, हा आदेश पाइप टाकण्याचा आहे, वाट बंद करण्याचा नाही. चेंबर जमिनीच्या पातळीला घ्या, वर ट्रॅक्टर पेलेल असं झाकण बसवा. त्यावर कंत्राटदार उपविभागीय अधिकाऱ्यांकडे फेरतपासणीला गेला, पण स्थगिती मिळाली नाही.

निकाल डिसेंबरात आला. सोयाबीन तोवर डोक्यावरून रस्त्यापर्यंत आणलं होतं, मजुरी खिशातून. ते पैसे या दाव्यात मिळत नाहीत, त्यासाठी वेगळं भांडावं लागेल. हरभरा मात्र ट्रॅक्टरनेच निघाला. झाकणावरून जाताना धाडकन आवाज होतो.