मन्रोव्हिलचं कोर्ट

मॉन्टगोमरीहून मोबीलकडे जाणारा महामार्ग सोडून आत वळलं की पाइनची झाडं, ओंडके वाहणारे ट्रक, मधूनच एखादं चर्च, आणि मग मन्रोव्हिलचा चौक. अलाबामातल्या या लहानशा गावात १९२६ साली हार्पर लीचा जन्म झाला आणि २०१६ साली इथेच ती गेली. तिच्या 'टू किल अ मॉकिंगबर्ड'वरचा, अभिनेता ग्रेगरी पेकचा कृष्णधवल सिनेमा मी आधी पाहिला होता, कादंबरी नंतर वाचली. त्यामुळे निरपराध कृष्णवर्णीयाचा खटला लढवणारा तिच्यातला वकील ॲटिकस फिंच म्हटलं की मला पेकच दिसतो. त्याच्यामागचा खरा माणूस कोण, ते बघायला मला इथे यायचं होतं.

चौकातलं जुनं कोर्ट आता संग्रहालय आहे. खालच्या दालनांत ली आणि तिचा बालपणीचा शेजारी, लेखक ट्रुमन कपोटी या दोघांची माहिती आहे. कादंबरीतल्या मुलांचा मित्र डिल कपोटीवरूनच बेतलेला. ते सगळं भरभर पाहून मी वर कोर्टरूममध्ये गेले आणि दारातच थांबले. लाकडी कठडे, न्यायाधीशांचं उंच आसन, सगळंच ओळखीचं! पण सिनेमाचं चित्रीकरण इथे झालंच नाही. कलादिग्दर्शक हेन्री बमस्टेड इथे येऊन मोजमापं आणि फोटो घेऊन गेले आणि हॉलिवूडमध्ये तशीच कोर्टरूम उभारली. गावातली गल्ली तोवर बदलली होती, म्हणून लॉस एंजेलिसमधली पाडायला निघालेली जुनी घरं आणून स्टुडिओच्या आवारात मांडली. कलादिग्दर्शनाचं ऑस्कर मिळालं ते या कामाला.

वरच्या गॅलरीत जरूर जा. कृष्णवर्णीयांना बसायची मुभा होती ती फक्त इथे. कथेतली ॲटिकसची मुलंही खटला इथूनच बघतात. खाली वकील न्यायाधीशांकडे तोंड करून उभा राहतो, तेव्हा वरून त्याची पाठच दिसते. त्या बाकावर मी बराच वेळ बसले.

ॲटिकस बेतलेला तो लीच्या वडिलांवरून. अमासा ली याच गावात वकिली करत. वकिलीच्या सुरुवातीच्या काळात त्यांनी खुनाच्या आरोपातल्या दोन कृष्णवर्णीयांचा खटला लढवला होता. दोघांनाही फाशी झाली. १९६२च्या सुरुवातीला पेक अमासा लींना भेटायला मन्रोव्हिलला आला. एप्रिलमध्ये ते वारले. सिनेमा आला डिसेंबरात. त्यांचं खिशातलं घड्याळ लीने पेकला दिलं आणि पुढच्या वर्षी ऑस्कर घ्यायला तो ते घेऊनच गेला. मला हे घड्याळ ऑस्करच्या बाहुलीपेक्षा मोठं बक्षीस वाटतं.

ली न्यूयॉर्कमध्ये विमान कंपनीत आरक्षणाचं काम करत होती. १९५६च्या नाताळात मित्र असलेल्या एका जोडप्याने तिला वर्षभराच्या पगाराइतके पैसे दिले, नोकरी सोडून लिही म्हणून. संपादक टे होहॉफ यांनी तिच्याकडून कादंबरी पुन्हा पुन्हा लिहून घेतली. १९६०मध्ये ती आली, १९६१मध्ये पुलित्झर मिळालं. पुढे तिने मुलाखती बंद केल्या. २०१५मध्ये आलेली दुसरी कादंबरी मुळात पहिलीच्या आधी लिहिलेली. लोक तिच्या मौनाचं कोडं करतात, मला ते पटत नाही. सांगायचं होतं ते तिने नीट, वेळ घेऊन सांगितलं होतं.

तिचं घर उरलेलं नाही. त्या जागी बर्गर-आइस्क्रीमचं दुकान आहे. शेजारी कपोटीच्या नातेवाइकांच्या घराच्या दगडी कुंपणाचा थोडा भाग शिल्लक आहे, तेवढाच.

जमलं तर वसंतात या. तेव्हा गावकरी या कादंबरीचं नाटक करतात: पहिला अंक कोर्टाच्या हिरवळीवर, दुसरा वर, खऱ्या कोर्टरूममध्ये. ज्युरी म्हणून प्रेक्षकांतलेच बारा पुरुष निवडतात, आणि मनात काहीही असलं तरी कथेतल्या आरोपीला, टॉम रॉबिन्सनला, त्यांना दोषीच ठरवावं लागतं. तिकिटं मात्र लवकर संपतात, आधीच काढून ठेवा.